भिंत चालवणारे कॅमेरामन

चांगदेवाची गोष्ट नगर जिल्ह्यात कुणाला नव्याने सांगावी लागत नाही. राहाता तालुक्यातल्या पुणतांब्याला, गोदावरीच्या काठी त्याची समाधी आहे. चौदाशे वर्षं जगलेला हा योगी वाघावर बसून, हातात सापाचा चाबूक घेऊन ज्ञानेश्वरांच्या भेटीला निघाला, तेव्हा ज्ञानेश्वर आणि त्यांची भावंडं ज्या भिंतीवर बसली होती तिलाच त्यांनी चालायला सांगितलं. कीर्तनकाराला एवढं दोन वाक्यांत उरकता येतं. तो टाळ्या घेतो आणि भिंत श्रोत्यांच्या मनात आपोआप चालू लागते.

१९४० साली पुण्याच्या प्रभात स्टुडिओत ‘संत ज्ञानेश्वर’ हा चित्रपट तयार होत होता, तेव्हा त्याच्या दोन्ही दिग्दर्शकांना ही सोय नव्हती. भिंत पडद्यावर चालायला हवी होती आणि ती बघून कुणाला हसू येता कामा नये होतं. जड वस्तू हलली असं डोळ्यांना कधी वाटतं? मागची झाडं, खालची जमीन, वरचं आभाळ यांच्याशी तिचं नातं बदलतं तेव्हा. शिवाय दगडमातीच्या वस्तूला हिसका बसून चालत नाही, आणि तिच्यावर बसलेल्या माणसांचे चेहरे बैलगाडीत बसल्यासारखे डुगडुगूनही चालत नाही. म्हणजे प्रश्न भक्तीचा नव्हता, गतीचा आणि अंतराचा होता. असले प्रश्न सोडवण्यात विष्णुपंत दामले आणि शेख फत्तेलाल यांचं सगळं तारुण्य गेलेलं होतं. दोघे लेखक नव्हते, नट नव्हते, नाटक कंपनीचे तालीम मास्तरही नव्हते. ते मूकपटाच्या काळातले कॅमेरामन होते, आणि त्याही आधी पडदे रंगवणारे.

कॅमेऱ्यामागून दिग्दर्शकाच्या खुर्चीत जाणं तसं जगभर घडलं आहे. जर्मनीतल्या ‘मेट्रोपोलिस’च्या छायालेखकांपैकी एक, कार्ल फ्रॉइंड, पुढे हॉलिवूडला गेला आणि १९३२ मध्ये ‘द ममी’चा दिग्दर्शक झाला. कलकत्त्यात नितीन बोस मूकपटांच्या दिवसांपासून कॅमेरा चालवत होते. नंतर न्यू थिएटर्सचे मोठे दिग्दर्शक म्हणून त्यांचं नाव झालं. महाराष्ट्रातही अशी नावं आहेत. पण दामले-फत्तेलाल यांच्या कहाणीत नगर जिल्ह्याचे धागे पुन्हा पुन्हा दिसतात, आणि ते नुसते पुणतांब्यापुरते नाहीत.

विष्णुपंत गोविंद दामले यांचा जन्म १८९२ मध्ये कुलाबा जिल्ह्यातल्या पेणचा. फत्तेलाल त्यांच्याहून सहा वर्षांनी मोठे, कोल्हापूरजवळच्या कागलचे. दोघांची गाठ पडली ती कोल्हापुरात, आनंदराव आणि बाबूराव पेंटर या चुलतभावांच्या कारखान्यात. हे घराणं मिस्त्रींचं. सुतारकाम, कोरीवकाम, मूर्तिकाम, चित्रकला सगळं एकाच छपराखाली चालायचं. त्या काळच्या नाटक कंपन्यांना राजवाडा, अरण्य, रस्ता असे भलेमोठे रंगवलेले पडदे लागत, आणि कोल्हापूरच्या या मंडळींचे पडदे नावाजलेले होते. १९१३ साली फाळक्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ आला आणि या चुलतभावांच्या डोक्यात सिनेमा शिरला. चित्रं हलू शकतात हे कळल्यावर न हलणारे पडदे रंगवत बसणं त्यांना शक्य नव्हतं.

अडचण एकच होती, कॅमेरा. विलायतेतून आणायचा तर पैसे नव्हते, आणि त्यात पहिलं महायुद्ध सुरू झालं. म्हणून त्यांनी तो स्वतःच बनवायचं ठरवलं. १९१६ मध्ये आनंदराव वारले. बाबूरावांनी काम सोडलं नाही. त्यांच्या हाताशी दामले होते. १९१८ च्या सुमारास त्या दोघांच्या खटपटीतून कोल्हापुरात चालता कॅमेरा तयार झाला.

हे वाचताना सहज वाटून जातं: लाकडी पेटी, पुढे भिंग, बाजूला दांडा, त्यात काय एवढं. खरी गोम पेटीच्या आत आहे. फिल्म नळाच्या पाण्यासारखी सलग वाहत गेली तर चित्र उमटतच नाही, नुसता पुसट पट्टा येतो. तिला क्षणभर थांबावं लागतं, तेवढ्यात भिंगासमोरची पाकळी उघडून प्रकाश आत यावा लागतो, पाकळी मिटली की अंधारात फिल्म बरोबर एका चित्राइतकी खाली ओढली जावी लागते आणि पुन्हा थांबावं लागतं. ३५ मिलिमीटरच्या फिल्मला प्रत्येक चित्राच्या दोन्ही कडांना चार-चार भोकं असतात. कॅमेऱ्यातली नखी त्या भोकांत शिरून फिल्म ओढते. ही ओढ केसभर जरी कमीजास्त झाली तरी पडद्यावर अख्खा राजवाडा थरथरतो. सेकंदाला सोळा वेळा हे व्हायला हवं, आणि तेही चुकता कामा नये. कानस, लेथ आणि डोळ्यांचा अंदाज एवढ्या भांडवलावर हे साधलेली माणसं पुढे कुठल्याच यंत्राला घाबरली नाहीत, यात मला नवल वाटत नाही.

कोल्हापुरात महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली ती गायिका तानीबाई कागलकर यांच्या पैशावर. सावकार आणि सरदार ज्या धंद्याकडे संशयाने बघत होते त्यात एका गाणाऱ्या बाईने पैसा घातला, ही गोष्ट आपल्या सिनेमाच्या इतिहासात अजून पुरेशा ठळक टायपात छापली गेलेली नाही. कंपनीचा पहिला मोठा चित्रपट ‘सैरंध्री’ फेब्रुवारी १९२० मध्ये पुण्याच्या आर्यन थिएटरात लागला. त्यात बायकांची कामं बायकांनीच केली होती. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हटलं ते याच चित्रपटाच्या निमित्ताने.

या कंपनीत ‘माझं काम, तुझं काम’ अशी वाटणी फारशी नव्हती. दामले आणि फत्तेलाल सकाळी सेट उभारत, ऊन आलं की कॅमेऱ्यामागे जात, रात्री अंधाऱ्या खोलीत फिल्म धूत. कंपनीत एकाला दामलेमामा म्हणत आणि दुसऱ्याला साहेबमामा, आणि ही नावं आयुष्यभर टिकली. फत्तेलालांचा हात चित्राचा आणि दामल्यांचा यंत्राचा, असं ढोबळमानाने सांगतात. पण दोघांनाही दोन्ही येत होतं, म्हणूनच ती जोडी जमली.

मूकपटाच्या कॅमेरामनचं काम नेमकं काय होतं, हे इथे जरा सावकाश पाहायला हवं. कॅमेऱ्याला मोटर नव्हती. उजव्या हाताने दांडा फिरवायचा, एका फेऱ्यात आठ चित्रं पुढे सरकायची, सेकंदाला दोन फेरे. म्हणजे सेकंदाला सोळा चित्रं, आणि एका फुटात सोळाच चित्रं मावतात, म्हणून सेकंदाला एक फूट फिल्म. हजार फुटांचं रीळ साडेसोळा मिनिटांहून थोडं जास्त पुरायचं. समोर लढाई चालू असो, घोडा उधळो, नटी रडू लागो, हात त्याच लयीत फिरला पाहिजे. तबलजीच्या अंगात ठेका मुरतो तसा कॅमेरामनच्या मनगटात हा वेग मुरलेला असायचा. आणि मग त्या लयीशी मुद्दाम खेळताही यायचं. हात जरा मंदावला की पडद्यावर तलवारी विजेसारख्या फिरतात. हात जलद केला की पडणारा माणूस पाण्यात बुडाल्यासारखा सावकाश पडतो. काळ लांबवणं आणि आखूड करणं हे त्यांच्या लेखी तत्त्वज्ञान नव्हतं, मनगटाचं काम होतं.

चमत्कारही तिथेच, कॅमेऱ्याच्या पोटात, घडवावे लागत. देव प्रकट व्हायचा असेल तर दांडा थांबवायचा, बाकीच्यांनी श्वास रोखून जागच्या जागी उभं राहायचं, देवाचा नट येऊन आपल्या जागी उभा राहायचा, पुन्हा दांडा सुरू. तो पुसट, आरपार दिसायला हवा असेल तर काम अधिक नाजूक. आधी रिकामी जागा चित्रित करायची आणि फेरे मोजून ठेवायचे. मग भिंग झाकून तेवढेच फेरे उलटे फिरवून फिल्म मागे न्यायची, आणि काळ्या पडद्यासमोर देवाला उभं करून त्याच फिल्मवर दुसऱ्यांदा प्रकाश घालायचा. मोजणीत पाच-दहा फेऱ्यांची चूक झाली तर देव ठरल्या वेळेआधीच येणार. आणि काय झालंय ते त्याच दिवशी कळत नसे. फिल्म धुऊन, वाळवून, छापून निघेपर्यंत सगळा भरवसा कॅमेरामनच्या मोजणीवर.

रंगांचंही एक वेगळंच गणित होतं. त्या काळी सर्रास वापरली जाणारी फिल्म लाल रंगाला आंधळी होती. लाल शालू पडद्यावर काळा यायचा, कपाळावरचं कुंकू काळं, आणि निळंभोर आकाश मात्र पांढरंफटक. चेहऱ्यातला लालसरपणाही काळपट उतरायचा, म्हणून नटांना विचित्र रंगांचे लेप लावावे लागत. सेट रंगवणाऱ्याला समोरचा रंग पाहून उपयोग नसे. तो रंग करड्या छटांत कुठल्या पायरीवर उतरेल हे आधीच मनात पाहावं लागे. फत्तेलालांसारख्या चित्रकाराला हे जमलं आणि पुढे ‘प्रभात’च्या चित्रपटांना जी श्रीमंत काळीपांढरी झळाळी आली तिचं मूळ मी या सवयीत पाहतो.

बाबूराव पेंटर स्वतः मोठे कलावंत होते, आणि त्यांच्या हाताखाली ही मंडळी फक्त करामती शिकली असं नाही. बाबूरावांनी रंगवलेल्या पडद्यांऐवजी खरेखुरे, तीन बाजूंचे सेट उभारले, प्रसंगांची आणि पोशाखांची रेखाचित्रं आधी काढायची पद्धत घातली, ‘सिंहगड’मध्ये (१९२३) कृत्रिम प्रकाशाचे प्रयोग केले. १९२५ साली त्यांनी हरि नारायण आपट्यांच्या कथेवरून ‘सावकारी पाश’ काढला. पौराणिक आणि ऐतिहासिक चित्रपटांच्या त्या जत्रेत एक शेतकरी, त्याची झोपडी, त्याचं कर्जाचं कागदपत्र आणि जमीन गेल्यावर त्याचं शहरातल्या गिरणीत जाणं, एवढाच विषय. तरुण शेतकऱ्याचं काम कंपनीतल्या शांताराम वणकुद्रे नावाच्या पोऱ्याने केलं होतं. आपण त्यांना व्ही. शांताराम म्हणून ओळखतो.

हा विषय नगरकरांना परका नव्हता. त्याच्या पन्नास वर्षं आधी, मे १८७५ मध्ये, पुणे जिल्ह्यातल्या सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि खतं जाळली, आणि तो वणवा बघता बघता पारनेर, श्रीगोंदा, कर्जत, नगर या तालुक्यांत पसरला. ते दख्खनचे दंगे. सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ मध्ये शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा आला. तरी पावसाची खात्री नसलेल्या या मुलखात सावकाराच्या चोपडीची दहशत संपली नाही. ‘सावकारी पाश’ कोल्हापूरच्या बाजूला चित्रित झाला असला, तरी त्यातली झोपडी पारनेर-श्रीगोंद्याकडच्या कुणालाही अनोळखी वाटली नसती. देवाच्या चमत्काराइतकंच काळजीपूर्वक गरिबाचं घर चित्रित करायचं असतं, हा धडा दामले-फत्तेलालांनी इथे घेतला असावा असं मला वाटतं, कारण अकरा वर्षांनी देहूचं तुकोबाचं घर त्यांनी तसंच उभं केलं.

१९२८ मध्ये ‘महारथी कर्ण’ या मूकपटाचं दिग्दर्शन प्रथमच दोघांच्या नावे झालं. दामले तेव्हा छत्तिशीत होते, फत्तेलाल चाळिशी ओलांडलेले. पुढच्याच वर्षी, १ जून १९२९ ला, ते महाराष्ट्र फिल्म कंपनीतून बाहेर पडले आणि शांताराम, केशवराव धायबर आणि पैसा उभा करणारे सीतारामपंत कुलकर्णी यांच्याबरोबर कोल्हापुरातच प्रभात फिल्म कंपनी काढली. धायबर हेही कॅमेरामनच. ‘राणीसाहेबा’चं दिग्दर्शन त्यांनी शांतारामांबरोबर केलं. म्हणजे पाच भागीदारांतले तिघे कॅमेऱ्यामागून आलेले. त्या कंपनीचं चित्र इतकं नीटनेटकं का असे याचं उत्तर भागीदारीच्या कागदावरच आहे.

सुरुवातीचे मूकपट झाले आणि सिनेमा बोलू लागला. अनेक मूकपट कंपन्यांची तिथेच वाट लागली. ‘प्रभात’मध्ये ध्वनिमुद्रणाची जबाबदारी दामलेमामांनी उचलली. चाळिशीच्या उंबरठ्यावर, नवं यंत्र, नवं शास्त्र. कॅमेऱ्याला आता मोटर आली, वेग सेकंदाला चोवीस चित्रांवर पक्का झाला, मिनिटाला नव्वद फूट. मनगटाचा ठेका इतिहासजमा झाला. वर कॅमेऱ्याची घरघर माइकला ऐकू जायला लागली, आणि नटाला माइकच्या टप्प्याबाहेर हलता येईना. ‘अयोध्येचा राजा’ फेब्रुवारी १९३२ मध्ये लागला, तो मराठीतला पहिला बोलपट. त्याचं ध्वनिमुद्रण दामल्यांचं, कलादिग्दर्शन फत्तेलालांचं. १९३३ मध्ये कंपनी पुण्याला आली. पुढची तीन-चार वर्षं हे दोघे दिग्दर्शक म्हणून पडद्यामागेच राहिले. दिग्दर्शन शांताराम करत.

मग १९३६ चा ‘संत तुकाराम’. या चित्रपटाविषयी इतकं लिहिलं गेलंय की मी थोडक्यात सांगतो. तुकोबाच्या भूमिकेत रंगभूमीवर स्त्रीभूमिका केलेले विष्णुपंत पागनीस, त्याची बायको आवली हिच्या भूमिकेत गौरी, पटकथा शिवराम वाशीकरांची, संगीत केशवराव भोळ्यांचं. त्यातला एक अभंग शांताराम आठवल्यांनी लिहिलेला होता, पण जाणकारांनाही तो तुकोबाचाच वाटला. मुंबईत चित्रपट वर्षभराहून जास्त चालला आणि १९३७ च्या व्हेनिस महोत्सवात त्याचा गौरव झाला.

मला त्यात दिसतो तो कॅमेरामनचा स्वभाव. दुसरा कुणी असता तर चमत्कार घडताना तो वाजतगाजत आणला असता, चार वेगवेगळे चेहरे आ वासताना दाखवले असते. इथे चमत्कार एखाद्या घरगुती घटनेसारखा होतो. आवली चिडते, पोराला ओढत देवळात जाते, पायातली वहाण काढून विठ्ठलावर उगारते. म्हशीची देखभाल, चूल, रिकामं मडकं हे सगळं जितक्या निवांतपणे दिसतं तितक्याच निवांतपणे इंद्रायणीतल्या वह्या वर येतात. तुकोबा वैकुंठाला निघाले तरी आवलीचं लक्ष स्वयंपाकातच. ज्यांनी आयुष्यभर फेरे मोजून देव आणले आणि घालवले, त्यांना देव आल्याचं अप्रूप दाखवायची गरज वाटली नाही. त्यांना अप्रूप होतं ते त्या घराचं. चमत्काराच्या बाबतीत सर्वांत कमी भाबडी माणसं ती होती, आणि म्हणूनच चित्रपट भाबडा न होता भाविक राहिला.

‘गोपाल कृष्ण’ (१९३८) झाल्यावर दोघांनी ‘संत ज्ञानेश्वर’ हाती घेतला आणि इथे कथा पुन्हा नगर जिल्ह्यात शिरते. परंपरा ज्ञानदेवांचा प्रवास अशी सांगते: पैठणला शुद्धिपत्रासाठी जाणं, तिथे रेड्यामुखी वेद वदवणं, परतताना प्रवरेकाठच्या नेवाशाला मुक्काम, आणि शके १२१२ मध्ये म्हणजे इ. स. १२९० ला तिथे गीतेवरची टीका पूर्ण होणं. सच्चिदानंदबाबांनी ती लिहून घेतली. ज्या खांबाला टेकून ज्ञानदेव बसले तो पैसाचा खांब आजही नेवाशात आहे, आणि वारकऱ्यांसाठी तो आळंदीच्या खालोखाल. पैठणहून आळंदीकडे जाणारी ही वाट नगर जिल्हा ओलांडून जाते. चांगदेव निघाला तो पुणतांब्याहून, तेही याच जिल्ह्यात. आळंदी पुण्याची असली तरी ज्ञानेश्वरीची जन्मभूमी नगरची, हा दावा नेवासेकर आवाज न चढवताही करू शकतात.

ज्ञानेश्वरांच्या भूमिकेसाठी नट मिळाला तोही नगरचाच. शाहू मोडक यांचा जन्म २५ एप्रिल १९१८ चा, नगरमधल्या एका मराठी ख्रिस्ती कुटुंबात. बाहेरच्या लोकांना ख्रिस्ती मुलाने ज्ञानेश्वर व्हावं याचं आश्चर्य वाटतं. नगरमध्ये ते कमी वाटायला हवं. अमेरिकन मराठी मिशनच्या या शहरात रेव्हरंड नारायण वामन टिळक राहत होते, ज्यांनी ख्रिस्ताची कीर्तनं केली आणि ‘ख्रिस्तायन’ लिहायला घेतलं. त्यांच्या पत्नी लक्ष्मीबाईंनी ते पुढे नेलं. ओवी, अभंग, कीर्तन हे त्या घरांतल्या मुलांना बाहेरून शिकावं लागत नव्हतं.

मोडक लहानपणीच पडद्यावर आले. दादासाहेब तोरण्यांच्या सरस्वती सिनेटोनसाठी भालजी पेंढारकरांनी केलेल्या ‘श्यामसुंदर’ (१९३२) मध्ये ते कृष्ण झाले; राधा होती शांता आपटे. मुंबईत तो चित्रपट पंचवीस आठवड्यांहून जास्त चालला. पुढच्याच वर्षी ‘औट घटकेचा राजा’मध्ये त्यांनी दुहेरी भूमिका केली. एकच मुलगा एका चौकटीत दोनदा, म्हणजे पुन्हा तीच अर्धं भिंग झाकायची आणि फिल्म मागे घ्यायची जुनी विद्या. १९३९ मध्ये शांतारामांच्या ‘माणूस’मध्ये ते गणपत हवालदार झाले, वेश्यावस्तीतल्या मैनेवर जीव जडलेला पोलीस. आणि त्यानंतर लगेच ज्ञानेश्वर. एका नटाकडे पाहून एकाच कंपनीला वर्षभराच्या अंतराने हे दोन्ही दिसावेत, यात कॅमेरामनच्या नजरेचाही वाटा असणार. मोडकांचा चेहरा प्रकाश स्वीकारणारा होता. सावलीत ठेवला की हवालदार, पूर्ण उजेडात आणला की संत.

चित्रपटात संगीत भोळ्यांचंच, कॅमेरा व्ही. अवधूतांचा, मुक्ताबाईच्या भूमिकेत सुमती गुप्ते, आणि निवृत्तिनाथ झाले दत्ता धर्माधिकारी. आळंदीचा ब्राह्मणवाडा, पैठणची सभा, घाट, देऊळ हे सगळं फत्तेलालांच्या देखरेखीखाली उभं राहिलं. कागलच्या मुसलमान मिस्त्रीने संन्याशाच्या पोरांना वाळीत टाकणारी आळंदी बांधली, नगरच्या ख्रिस्ती तरुणाने त्या वाळीत पडलेल्या मुलाचं मोठेपण साकारलं. त्या वेळच्या जाहिरातींनी याचा गाजावाजा केला नाही. स्टुडिओत ती रोजचीच गोष्ट होती.

आता माझं मत. ‘ज्ञानेश्वर’ हा ‘तुकाराम’च्या तोडीचा नाही. कारण सोपं आहे: त्यात आवली नाही. तुकोबाच्या भोवती संसार आहे, भूक आहे, भांडण आहे. ज्ञानदेव लहानपणीच ज्ञानी, त्यामुळे कथेला ओढ देणारं घरातलं माणूसच उरत नाही. मग चमत्कारांवर भार पडतो: रेडा, भिंत, वाघ. दामले-फत्तेलालांनी ते सफाईने केले आणि लोकांनी चित्रपट डोक्यावर घेतला. पण त्यातला सर्वांत चांगला भाग चमत्कारांचा नाही. भावंडांना गावाने नाकारल्यावरची त्यांची झोपडी, भाकरीची पंचाईत, एकमेकांना धीर देणं, हे प्रसंग अजूनही काळजाला भिडतात. ‘सावकारी पाश’ची झोपडी पुन्हा एकदा. १९४१ च्या ‘संत सखू’मध्ये तर सासुरवासच कथेचा गाभा झाला, आणि हंसा वाडकरांनी तो पेलला. त्या चित्रपटाच्या दिग्दर्शनात या दोघांबरोबर राजा नेनेही होते.

१९४२ मध्ये शांताराम ‘प्रभात’ सोडून गेले. ५ जुलै १९४५ ला दामलेमामा वारले, वयाची त्रेपन्न वर्षंही पुरी न होता. साहेबमामा पुढे जवळजवळ वीस वर्षं जगले. जोडीदाराशिवाय त्यांनी १९५५ मध्ये ‘जगद्गुरू शंकराचार्य’ दिग्दर्शित केला. आता तो फारसा कुणाला आठवत नाही. तोवर प्रभात कंपनीचे दरवाजे बंद झाले होते. १९६४ मध्ये साहेबमामा गेले. शाहू मोडक मात्र पौराणिक चित्रपटांत कृष्ण होत राहिले, एकोणतीस वेळा असं सांगतात, आणि उत्तरायुष्यात ते ज्योतिष पाहू लागले. १९९३ मध्ये त्यांचं निधन झालं.

महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या मूकपटांपैकी फारच थोडं उरलं आहे. त्या काळची फिल्म नायट्रेटची, ठिणगीने पेट घेणारी, आणि ती न पेटली तरी डब्यात पडल्या पडल्या चिकट होऊन विरघळणारी. शिवाय चांदीसाठी जुनी रिळं वितळवणारेही होते. दामले-फत्तेलालांच्या हाताने दांडा फिरवलेल्या फुटांपैकी आपल्याला बघायला मिळणारे अगदीच मोजके. त्यांची ओळख व्हायची ती बोलपटांतूनच.

प्रभात स्टुडिओच्या जागेत १९६० मध्ये सरकारने फिल्म इन्स्टिट्यूट सुरू केलं. ज्या फ्लोअरवर ही भिंत चालली त्याच आवारात आता मुलं सिनेमा शिकतात. तिथे दिग्दर्शनाचा अभ्यासक्रम वेगळा आणि छायालेखनाचा वेगळा, प्रवेशाच्या जागा वेगळ्या, ध्वनिमुद्रणाचा विभाग आणखी वेगळा, कलादिग्दर्शनाचा तर निराळाच. दामलेमामांनी अर्ज केला असता तर कुठल्या रकान्यात खूण करावी हे त्यांना कुणाला तरी विचारावं लागलं असतं.